आधी छाया: गोव्यातल्या एका छायालेखिकेला नेहमी विचारले जाणारे प्रश्न

मी फोंडा तालुक्यात राहते आणि गेली १६ वर्षं सिनेमाचं छायालेखन करते. बहुतेक सिनेमे कमी पैशांचे, स्वतंत्र निर्मात्यांचे. जत्रेतल्या नाटकाच्या मध्यंतरात, चवथीची आरती संपल्यावर, लग्नाच्या पंगतीत वाढप चालू असताना लोक तेच तेच प्रश्न विचारतात. काही प्रश्न मुलांचे, काही त्यांच्या आईवडिलांचे, काही मुंबईहून फोन करणाऱ्या निर्मात्यांचे. सगळे इथे एकत्र केले आहेत. क्रम लावलेला नाही.

तुम्ही नेमकं काय करता? फोटो की व्हिडिओ शूटिंग?

पंगतीत कुणी विचारलं तर "व्हिडिओ" म्हणून मोकळी होते, कारण भात निवत असतो. खरं उत्तर जरा लांब आहे. गोष्ट दिग्दर्शकाची. ती कुठून दिसावी, किती जवळून, कुठल्या लेन्समधून आणि किती उजेडात, हे पाहणं माझं काम. सेटवर मला डीओपी (डिरेक्टर ऑफ फोटोग्राफी) म्हणतात. माझ्याबरोबर फोकस पुलर असतो (नट हलला की अंतर बदलतं, ते सांभाळणारा), गॅफर असतो (लाईटवाल्यांचा म्होरक्या) आणि ग्रिप असतो (ट्रॉली, ट्रॅक, कॅमेरा जिथे टांगायचा ते सगळं). मोठ्या सिनेमात या खात्यात पंचवीस-तीस माणसं असतात. आमच्याकडे पाच. एकदा ट्रॉली ढकलायला आमचा दूधवाला होता, आणि त्याचा हात फार स्थिर होता.

मराठीतला 'छायालेखक' हा शब्द मला आवडतो. त्यात आधी छाया येते.

गोव्यात राहून यावर पोट भरतं?

स्वतंत्र सिनेमावर नाही भरत. माझं घर नोव्हेंबर ते फेब्रुवारीतल्या लग्नांवर, जाहिरातींवर आणि बाहेरून गोव्यात शूटिंगला येणाऱ्या युनिटांवर चालतं. त्यांना इथला दुसरा कॅमेरा लागतो, इथली माणसं लागतात, आणि कुठल्या बांधावर गाडी रुतते ते सांगणारं कुणीतरी लागतं. स्वतंत्र सिनेमाचं शूटिंग १८ ते २५ दिवसांत उरकतं आणि त्याचे पैसे दोन मोठ्या लग्नांएवढे मिळतात, तेही तीन हप्त्यांत. तिसरा हप्ता हा श्रद्धेचा विषय आहे.

मग करायचं कशाला? लग्नात नवरीची मावशी सांगते तिथे कॅमेरा लावायचा असतो. सिनेमात कुठे लावायचा ते मला ठरवता येतं. वर्षातले ते वीस दिवस मला पुरतात. सगळ्यांना पुरतील असं नाही, म्हणून आधीच सांगते.

फिल्म इन्स्टिट्यूटला जायलाच हवं का?

जायलाच हवं असं नाही, पण जमत असेल तर जावं. पुण्याची एफटीआयआय १९६० साली जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात सुरू झाली. तिथे आणि कोलकात्याच्या सत्यजित राय इन्स्टिट्यूटमध्ये छायालेखनाचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. तिथे शिकवतात त्याहून मोठी गोष्ट म्हणजे चुका करायला मिळतात आणि त्या चुकांचं बिल कुणी पाठवत नाही. शिवाय बरोबरचा दिग्दर्शक, संकलक, ध्वनिवाला आयुष्यभर पुरतो.

मी गेले नाही. पहिली तीन वर्षं एका कॅमेरामनकडे सहायक म्हणून लेन्स पुसल्या, बॅटऱ्या चार्ज केल्या, रोजचा अहवाल लिहिला. तो रस्ताही चालतो, फक्त जास्त वेळ खातो आणि गुडघे दुखतात. यूट्यूबवरून तंत्र शिकता येतं. पाऊस येतोय, नटाला सहाची बस पकडायची आहे आणि तीन शॉट उरलेत, त्यातला कुठला सोडायचा हे तिथे कुणी शिकवत नाही.

कोणता कॅमेरा घेऊ?

घेऊ नका. भाड्याने आणा.

मग साठवलेले पैसे कशावर घालू?

चांगला ट्रायपॉड, एनडी फिल्टरचा (लेन्सपुढे लावायच्या, उजेड कमी करणाऱ्या काळ्या काचांचा) संच, आणि गोव्यात राहत असाल तर ड्राय कॅबिनेट. शेवटचं सगळ्यात आधी. त्यातली आर्द्रता ४० ते ५० टक्क्यांवर ठेवायची. आपल्याकडे जूनमध्ये कपाटातल्या चपलेवर बुरशी येते, तीच लेन्सच्या आतल्या काचेवर येते, कोळ्याच्या जाळ्यासारखी, आणि काच कायमची खाते. सिलिका जेलच्या पुड्या बॅगेत ठेवा, पण त्या भिजून निकामी झाल्या की बदला. माझ्या ओळखीत एकाने तीच पुडी चार पावसाळे वापरली.

भाड्याच्या लेन्सबद्दल एक धडा मला महाग पडला. एका दुकानातून लेन्स आणली, परत देताना मालकाने टॉर्च मारून आतली बुरशी दाखवली आणि माझं डिपॉझिट ठेवून घेतलं. दोन दिवसांत तेवढी बुरशी येत नाही, हे त्यालाही ठाऊक होतं. तेव्हापासून दुकानातून बाहेर पडण्याआधी मीच टॉर्च मारते आणि मोबाईलवर फोटो काढून ठेवते.

एनडी फिल्टर कशासाठी? उजेड कमीच करायचा तर लेन्सचं छिद्र लहान करावं.

छिद्र लहान केलं की मागचंही सगळं स्पष्ट दिसायला लागतं, आणि मागे बहुधा कुणाची तरी स्कूटर उभी असते. मला मागचं पुसट हवं असतं. शटरला हात लावला तर हालचाल झटके घेते. सेकंदाला २४ चित्रं असतील तर शटर साधारण १/५० सेकंदाच्या आसपास ठेवावं लागतं. म्हणून काळी काच. ०.३ चा फिल्टर उजेड निम्मा करतो, ०.६ चा पाव, ०.९ चा एक अष्टमांश. किनाऱ्यावर भर उन्हात मी दोन काचा एकावर एक लावते.

गोव्यातला उजेड खरंच वेगळा असतो?

असतो, आणि पोस्टकार्डात दिसतो तो हा नव्हे.

गोवा साधारण १५ अंश उत्तर अक्षांशावर आहे. मेच्या पहिल्या आठवड्यात आणि पुन्हा ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्यात माध्यान्हीचा सूर्य जवळजवळ डोक्यावर येतो. आपलं घड्याळ ८२.५ अंश रेखांशाप्रमाणे चालतं, आपण बसलोय ७४ अंशांच्या आसपास. म्हणून आपली खरी माध्यान्ह बाराला होत नाही, मे महिन्यात ती साडेबाराला होते. अकरा ते तीन माणसाच्या डोळ्यांच्या खोबणीत काळोख असतो, नाकाची सावली ओठावर पडते. मुंबईहून येणारी युनिटं नेमकी तेव्हा किनाऱ्यावर उभी असतात, कारण हॉटेलचा नाश्ता दहापर्यंत चालतो. मी त्या वेळात घरातले प्रसंग घेते, नाहीतर जेवायला सोडते.

संध्याकाळ फसवी. इथे सूर्य तिरका रेंगाळत नाही, सरळ खाली उतरतो. बुडाल्यावर कामाचा उजेड वीसएक मिनिटं टिकतो. एका शॉटचे चार टेक हवे असतील तर तालीम सूर्य वर असतानाच संपलेली पाहिजे. सत्तरी तालुक्यात वेगळं गणित: सकाळी सूर्य सह्याद्रीमागून वर येईपर्यंत उशीर होतो, त्यामुळे कॉलशीटवर (त्या दिवसाच्या कामाच्या वेळापत्रकावर) "सूर्योदय" म्हणून छापलेल्या वेळेला गावात नुसता निळसर उजेड असतो. तो मला अतिशय आवडतो, पण त्याला सूर्योदय म्हणू नका.

आता जमिनीकडे बघा. चिऱ्याची लाल माती दुपारचा उजेड खालून तांबूस करून परत फेकते आणि चेहरा तापाने फणफणल्यासारखा दिसतो. मी नटाच्या पायाशी, फ्रेमच्या बाहेर, काळा कपडा अंथरते. कुळागरात उलटं. पोफळी आणि केळींतून गाळून आलेला उजेड हिरवा असतो. डोळ्याला कळत नाही, कॅमेऱ्याला कळतं आणि नायिका आजारी दिसते. तिथे पांढरा थर्माकोल जवळ आणून चेहऱ्यापुरता स्वच्छ उजेड द्यावा लागतो. सगळा हिरवा रंग काढून टाकू नये. मग कुळागर स्टुडिओतलं वाटतं.

माझा आवडता काळ ऑक्टोबरचा शेवट. हवा धुतलेली, भात पिकलेलं, आणि पर्यटक अजून यायचे असतात.

पावसात शूटिंग करता?

गोव्यात वर्षाला सुमारे ३,००० मिलिमीटर पाऊस पडतो आणि तो बहुतेक चार महिन्यांत पडतो. तो टाळायचा म्हटलं तर एक तृतीयांश वर्ष घरी बसावं लागेल.

पाऊस पडतोय म्हणजे तो कॅमेऱ्यात दिसतो असं नाही. समोरून उजेड असला तर धो धो पाऊसही गायब होतो. थेंबाच्या मागून उजेड आला आणि त्यामागे काहीतरी काळं असलं, ओली भिंत किंवा माडांची रांग, तरच रेघा उमटतात. अडचण अशी की आभाळातला पाऊस सातत्य पाळत नाही. नायकाचा शॉट पावसात झाला आणि नायिकेच्या वेळी ऊन पडलं की आम्हाला पाण्याचा टँकर मागवावा लागतो, तोही जुलैत. त्या वेळी गावातले लोक आमच्याकडे कसे बघतात ते सांगत नाही.

दोन बारीक गोष्टी. एसी गाडीतून कॅमेरा थेट बाहेर काढला की काचेवर दव धरतं आणि वीस मिनिटं जातात. मी बॅग आधीच बाहेरच्या हवेत ठेवते. दुसरं, पत्र्याच्या छपराखाली संवादाचा प्रसंग ठेवू नका. ध्वनिवाला रडतो.

एवढ्या कमी लाईटमध्ये घरातले प्रसंग कसे करता?

हा प्रश्न मला फार आवडतो.

आपल्या जुन्या हिंदू घरांत मधोमध राजांगण असतं, वर उघडं, खाली तुळस, चारी बाजूंनी ओसरी. त्यात उजेड वरून येतो, भिंतींवर आपटतो आणि मऊ होऊन खोल्यांत शिरतो. माजघरात बसलेल्या आजीच्या चेहऱ्यावर जो उजेड दिसतो तो तिथवर तीनदा आपटून आलेला असतो. आता तिथे स्टँडवर दिवा लावून थेट चेहऱ्यावर मारला की घर मेलंच.

सत्यजित रायांचे छायालेखक सुब्रत मित्र यांच्यापुढे हाच प्रश्न उभा होता. 'अपराजितो' (१९५६) साठी बनारसच्या घराचं अंगण स्टुडिओत उभारलं होतं. त्यांनी वर पांढरं कापड ताणलं आणि दिवे त्या कापडावर मारून उजेड खाली पाडला, म्हणजे आभाळच तयार केलं. आज जगभर सर्रास चालणारी ही पद्धत त्यांनी भाड्याच्या झगमगीत सामानाशिवाय केली. मी राजांगणावर घरातलीच चादर बांधते. पांढरी, निळ दिलेली नको. निळ दिली की सगळे गारठल्यासारखे दिसतात.

दुसरा उपाय आरसा. व्ही. के. मूर्तींनी 'कागज के फूल' (१९५९) मधला तो प्रसिद्ध उजेडाचा झोत आरशांनी बाहेरचं ऊन आत आणून मिळवला होता. पुढे दादासाहेब फाळके पुरस्कार मिळालेले ते पहिले छायालेखक. मी म्हापशाच्या बाजारातून घेतलेला दाराएवढा आरसा घेऊन फिरते. एकच त्रास: ऊन सरकतं, त्यामुळे दर पाच-सात मिनिटांनी आरसा फिरवायला एक माणूस लागतो. दूधवाला इथेही कामाला आला.

वीज बघून घ्या. घरातल्या साध्या ५ अँपिअरच्या प्लगवर २३० व्होल्टला हिशेबाने ११५० वॉट होतात, आणि जुन्या वायरिंगला तेवढेही देऊ नयेत. मी ३०० वॉटचे दोन एलईडी लावून थांबते. एकदा थांबले नाही. अख्ख्या वाड्याचा फ्यूज गेला, आणि यजमानीणबाईंच्या फ्रिजमध्ये श्रावणासाठी साठवलेलं खोबरं होतं. जनरेटर परवडत नसेल तर निदान खोबऱ्याची चौकशी करा.

जत्रेतला, दिवजांचा प्रसंग खऱ्या जत्रेत घ्यावा का?

घ्यावा, पण नट पाठवून नव्हे. दिवजां, म्हणजे पेटते दिवे, हातात घेतलेल्या बायकांची रांग पाहिलीत? प्रत्येकीचा चेहरा तिच्याच हातातल्या ज्योतींनी खालून उजळतो आणि मागची कमी, पुढची जास्त दिसते. तिथे माझा एक जरी दिवा लागला तरी तो खोटा ठरतो. विठ्ठलापूरला त्रिपुरारी पौर्णिमेला वाळवंटी नदीत सोडलेल्या दिव्यांचंही तसंच. कॅमेऱ्याची संवेदनशीलता वाढवा, मोठ्या छिद्राची लेन्स लावा, चित्रात थोडा दाणा आला तर येऊ दे. काळोख काळाच राहू द्या.

परवानगी देवस्थान समितीकडे, म्हणजे महाजनांकडे मागायची. आणि आधी एकदा कॅमेऱ्याविना जाऊन यायचं. मला दोन ठिकाणी नाही म्हणाले. नाही म्हणजे नाही.

दुकानातल्या दिव्यांखाली व्हिडिओत पट्टे का येतात?

आपली वीज ५० हर्ट्‌झची. शटर १/५० किंवा १/१०० वर ठेवा. कॅमेऱ्यात शटर अंशांत असेल तर २४ फ्रेमला १७२.८ अंश. तरीही स्वस्त एलईडी त्रास देतात. तो बल्ब काढून दुसरा लावणं हाच उपाय.

परवानग्या कुठून घ्यायच्या?

गोव्यात शूटिंगच्या परवानग्यांसाठी एंटरटेनमेंट सोसायटी ऑफ गोवा, म्हणजे ईएसजी, हे पहिलं दार. पण तेवढ्यावर भागत नाही. जुन्या गोव्यातली चर्च पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या ताब्यात, मोले आणि दूधसागर वनखात्याकडे. त्याशिवाय पंचायत, आणि ज्याच्या दारात ट्रॉली लावायची तो माणूस. पणजीतल्या फोंतायनाश या जुन्या वस्तीत शेवटचा सगळ्यात महत्त्वाचा. तिथले लोक आपल्याच पायरीवर परक्यांची फोटोसेशनं बघून विटलेत, आणि त्यांचं बरोबर आहे.

ड्रोन उडवला तर चालेल?

दाभोळी हा नौदलाचा विमानतळ, आणि उत्तरेला मोपा. छोट्याशा राज्यात दोन विमानतळ म्हटल्यावर डिजिटल स्काय नकाशा बघितल्याशिवाय ड्रोन पेटीतून काढू नका. ड्रोन नियम २०२१ प्रमाणे हिरव्या पट्ट्यात ४०० फुटांपर्यंत उडवता येतो. २५० ग्रॅमपर्यंतच्या नॅनो ड्रोनला रिमोट पायलट प्रमाणपत्र लागत नाही; त्याहून जड ड्रोनने धंद्याचं काम करायचं तर लागतं.

माझं खाजगी मत विचाराल तर, खाजनाच्या (खाडीकाठच्या शेतीच्या) बांधांवरून वर जाणारा शॉट आता प्रत्येक सिनेमात असतो आणि बघताना मला मोबाईल तपासावासा वाटतो.

दिग्दर्शकाशी पटलं नाही तर?

शूटिंगच्या आधी भांडून घ्या. पटकथा तीनदा वाचा, रेकीला (जागा बघायला) एकत्र जा, फोटो काढून समोर ठेवा. सेटवर एकदा "मला वेगळं वाटतं" म्हणावं, कारण सांगावं, मग त्याचं ऐकावं. एका सिनेमात मी शेवटचा प्रसंग अंधारात ठेवायचा हट्ट धरला, दिग्दर्शकाला नायिकेचे डोळे हवे होते. मी जिंकले. थिएटरात बघितलं तेव्हा त्याचं बरोबर होतं. डोळेच दिसत नव्हते.

त्यातला थोडा दोष पडद्याचाही होता. पडद्यावर १४ फूट-लॅम्बर्ट (पडद्याचा उजेड मोजायचं एकक) उजेड पडावा असं मानक आहे, आणि त्या थिएटरातला दिवा म्हातारा झालेला होता. तेव्हापासून डीआयला (शेवटी संगणकावर रंग आणि उजेड जुळवतात त्या कामाला) बसले की रंगकाराला सांगते, काळोखातलं जे दिसायलाच हवं ते जरा वर उचल. पडदा आपला नसतो.

पैसे, करार, कर यांचं काय?

लेखी घ्या. मित्राचा सिनेमा असेल तर आधी घ्या. दिवस किती, दिवसाचे तास किती, जादा तासांचं काय, डीआयला बसायचे पैसे वेगळे का, श्रेयनामावलीत नाव कसं, आणि शोरीलमध्ये (आपल्या कामाच्या नमुना-व्हिडिओत) दृश्यं वापरता येतील का. शेवटचं लिहून घेणं विसरू नका, कारण १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात चित्रपटाचा कर्ता म्हणजे निर्माता. आपण टिपलेल्या चौकटीवर आपला हक्क नसतो.

बिलातून टीडीएस कापला जातो, तो सरकारकडे भरला की नाही ते प्राप्तिकर खात्याकडच्या आपल्या करनोंदीत बघा. उलाढाल वर्षाला २० लाखांच्या वर गेली की जीएसटी नोंदणी. आणि प्राप्तिकराच्या नियमांत 'चित्रपट कलाकार' या व्याख्येत कॅमेरामनही येतो, हे तुमच्या सीएला सांगा. माझ्या सीएला मी सांगितलं तेव्हा तो हसला, मग पुस्तक उघडलं.

दृश्यांच्या तीन प्रती करा, त्यातली एक दुसऱ्या घरी. आमच्याकडे ती आईच्या कपाटात, साड्यांच्या मध्ये असते.

मुलगी आहे. घरचे नको म्हणतात.

आमचेही म्हणत होते. "रात्री-अपरात्री, पुरुषांत, एवढं जड उचलून" ही तीन वाक्यं मला पाठ आहेत. जडाचं उत्तर सोपं, आता कॅमेरे हलके झालेत. बी. आर. विजयालक्ष्मींनी १९८५ साली तमिळ सिनेमा स्वतंत्रपणे चित्रित केला तेव्हाचे नव्हते. रात्रीचं उत्तर असं की निघण्याआधी घरी नेण्या-आणण्याची गाडी कॉलशीटवर लिहून घ्यायची, आणि नाही लिहिली तर जायचं नाही. पुरुषांचं उत्तर वेळ घेतं. पहिल्या सिनेमात लाईटमन माझी सूचना ऐकून गॅफरकडे बघायचे, त्याने मान हलवली की मग दिवा हलायचा. गॅफर भला माणूस. चौथ्या दिवशी त्याने वर बघणंच सोडलं.

भारतात छायालेखिकांचा एक गट आहे, इंडियन विमेन सिनेमॅटोग्राफर्स कलेक्टिव्ह. तिथल्या मुलींची कामं बघा आणि आईला दाखवा.

इफ्फीत जाऊन काही उपयोग होतो?

२००४ पासून हा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव आपल्या दारात भरतो आणि आपण गर्दीला कंटाळून घरी बसतो. पास काढा. दिवसाला तीन सिनेमे बघा, चौथा डोक्यात शिरत नाही. एनएफडीसीचा (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा) फिल्म बाजार २००७ पासून महोत्सवाच्या जोडीने भरतो. तिथे अर्धवट राहिलेले सिनेमे आणि पैसे शोधणारे दिग्दर्शक भेटतात. कार्ड वाटत फिरू नका. एकाशी नीट बोला.

मराठी सिनेमा करता की कोकणी?

ज्या भाषेतली पटकथा चांगली, तो. कोकणीतला पहिला चित्रपट, 'मोगाचो आंवडो', २४ एप्रिल १९५० ला आला. आमच्या गावात नाटकं मराठीत होतात. माझ्या सेटवर दिग्दर्शक मराठीत बोलतो, लाईटमन हिंदीत, जेवणाकडे सगळे कोकणीत.

मोबाईलवर सिनेमा होतो का?

होतो. आवाजाकडे लक्ष द्या.

तुमच्या शूटिंगला येऊन बघू का?

या. काळे किंवा गडद कपडे घाला. पांढरा शर्ट नटाच्या गालावर उजेड मारतो. चपला आवाज न करणाऱ्या. पुढचं शूटिंग दिवाडी बेटावर आहे, सकाळी साडेपाचला फेरीबोटीच्या धक्क्यावर भेटू. आल्या आल्या तुमच्या हातात थर्माकोल देईन. नटाच्या डाव्या बाजूला, छातीच्या उंचीवर धरायचा. मी थांबा म्हणेपर्यंत हलवायचा नाही, डास चावला तरी.